खलनायकाची पानं

खलनायकाची पानं कुणी वाचायची, हा प्रश्न या घरात कधी पडलाच नव्हता. सिनेमाच्या संहितेतली ती पानं लेखक स्वतः वाचायचे. काडेपेटीच्या कारखान्याचा मालक, गटारात माणसं उतरवणारा कंत्राटदार, औषधात पाणी घालणारा डॉक्टर, सगळे त्यांच्याच घशातून बोलले. "माझ्या टेबलावर दुसऱ्या कुणाला वाईट व्हायला लावायचं नाही," असं ते म्हणायचे, आणि मग इतकं मन लावून वाईट व्हायचे की लहानपणी त्यांचा मुलगा, बाळ, टेबलाखाली जाऊन बसायचा. आता त्या घशाला भोक होतं. शस्त्रक्रियेत स्वरयंत्र गेलं त्याला वर्ष होत आलं होतं. गळ्याभोवती पातळ सुती रुमाल बांधून लेखक टेबलाच्या टोकाला बसले होते. पुढ्यात पाटी आणि खडू, कानावर पेन्सिल.

आईनं सगळ्यांना जेवायला बोलावलं होतं, वाचनाला नव्हे. रविवार होता आणि सोमवारी सकाळी बाळला चौकशी समितीपुढे उभं राहायचं होतं. बाळ इमारती बांधायचा, आणि त्याच्या नव्या इमारतीवर माल चढवायची लिफ्ट तार तुटून खाली आली होती. आत दोन माणसं होती. दोघंही गेली. मुकादम तेव्हापासून कोठडीत होता. उद्याच्या आधी घर एकदा एका ठिकाणी बसावं, पोटभर जेवावं, एवढंच आईच्या मनात होतं. पण ताटं उचलून ती स्वयंपाकघरातून परत येते तर काय, टेबलावर प्रत्येकाच्या जागी कागदांचा एकेक गठ्ठा पालथा ठेवलेला.

"अहो लेखक," ती म्हणाली. लग्नाच्या दुसऱ्या वर्षापासून ती नवऱ्याला याच नावानं हाक मारत होती, आधी थट्टेनं आणि मग सवयीनं. "आजचा दिवस बरा सापडला तुम्हाला."

लेखकांनी पाटीवर लिहिलं, 'आजच.'

वाचनाची रीत घरात सगळ्यांना पाठ होती. संहिता दिग्दर्शकाकडे जाण्याआधी या टेबलावर वाचली जायची. पुढचं पान आधी बघायचं नाही. नाटक करायचं नाही, दिसेल तसं म्हणायचं. ज्याची जीभ जिथे अडखळेल तिथे लेखक "पुन्हा" म्हणायचे. दुसऱ्यांदाही अडखळली की पेन्सिलीनं वाक्यावर काट. मग अडखळणाऱ्यानं विचारायचं, "मग कसं म्हणू?" आणि लेखकांनी सांगायचं, "जसं झालं तसं म्हण." लेखकांच्या संवादांवर लोकांनी प्रबंध लिहिले. सामाजिक सिनेमाच्या तोंडी त्यांनी माणसांची भाषा घातली म्हणून त्यांचे सत्कार झाले. ती भाषा म्हणजे घरच्यांच्या जिभा अडखळून शेवटी उरलेला ऐवज होता, हे प्रबंधवाल्यांना कुणी सांगितलं नाही, आणि त्यांनीही विचारलं नाही.

"आज नको हे, बाबा," बाळ म्हणाला. त्यानं वकिलाची फाइल आतून आणून ठेवली होती. "मला वेगळं बोलायचंय. वकील म्हणतात, निवेदन घरच्यांनाही एकदा वाचून दाखवा. उद्या कुणी येऊन काही विचारलंच, तर सगळे एकच बोलतील."

"एकच म्हणजे काय?" त्याच्या बहिणीनं, ताईनं विचारलं.

"म्हणजे काहीच नाही. तुम्हाला काही माहीत नाही, एवढंच."

"आम्हाला खरंच काही माहीत नाही," आई म्हणाली, आणि टेबल पुसायला लागली. ते आधीच पुसलेलं होतं.

ताई मात्र खुशीत होती. ती सिनेमांचं संकलन करायची, बाबांचे शेवटचे चारही सिनेमे तिनंच कापून जोडले होते, आणि बाबांनी कितीतरी वर्षांनी काही लिहून पुरं केलं होतं. "तुझं निवेदन पळून जात नाही," ती भावाला म्हणाली. "संध्याकाळी दिग्दर्शक येणारेत संहिता न्यायला. तासाभराचं काम आहे. बस गुपचूप." एकच गोष्ट तिला जरा टोचली होती. दर वेळी झेरॉक्स काढून आणायचं काम तिचं असे. या खेपेला बाबा स्वतः कोपऱ्यावरच्या दुकानात जाऊन आले होते.

गठ्ठ्यांच्या पाठीवर पेन्सिलीनं भूमिका लिहिल्या होत्या. आईच्या वाट्याला मुकादमाची बायको. ताईला बहीण. सुनेला, म्हणजे बाळच्या बायकोला, ठेकेदाराची बायको, शिवाय कंसातल्या सूचना, ज्या पूर्वी लेखक वाचायचे. बाळनं आपला गठ्ठा फिरवून बघितला. त्यावर 'ठेकेदार' लिहिलं होतं.

"वा," तो म्हणाला. "खलनायकाची पानं मला? बढती मिळाली म्हणायची."

लेखकांनी कानावरची पेन्सिल काढून हातात घेतली.

पहिला प्रवेश मुकादमाच्या खोलीतला होता. आईनं तो वाचला. तिचं वाचन घरात सगळ्यांत चांगलं. आयुष्यभर तिनं या टेबलावर विधवा, आया, शेजारणी वाचल्या होत्या आणि तिची जीभ कधी अडखळल्याचं कुणाला आठवत नव्हतं. 'कुलपाची किल्ली त्यांच्याच खिशात राहिली,' ती वाचत होती, 'म्हणून दार नुसतं ओढून घेते आणि भेटायला जाते. तिथे गेल्यावर ते आधी विचारतात, दार लावलंस का?' लेखक गेले तीन महिने दुपारी पाटी घेऊन कुठे जायचे, ते आता आईला कळलं. बोलता न येणाऱ्या माणसापुढे लोक फार बोलतात.

ताईनं दुसरा प्रवेश उघडला. 'घर. जेवणाचं टेबल. संध्याकाळ.' संकलकाच्या सवयीनं तिनं मनातल्या मनात कात्री लावायला सुरुवात केली. इथे जवळून ताट, इथे फोन, इथे चेहरा. प्रवेश तसा साधा होता. घरातल्या मुलीला कसलंसं पारितोषिक मिळालंय, म्हणून सगळे जमलेत. कुणी तिची थट्टा करतंय. कुणी मीठ मागतंय.

"'मीठ इकडे दे,'" ताईनं वाचलं. "'आणि एवढं वाढू नकोस, मला उद्या फोटोत मावायचंय.'"

वाक्य पुरं झाल्यावर तिला ते ओळखू आलं. ते तिचंच होतं. याच खुर्चीत बसून ती म्हणाली होती आणि सगळे खळखळून हसले होते. तिनं वर पाहिलं. बाबा पानाकडे बघत होते.

"फोन वाजतो," सुनेनं कंसातलं वाचलं. "ठेकेदार ताटावरून न उठता फोन घेतो."

बाळ वाचू लागला. "'बोल.'" थोडं थांबून, "'कसली? लिफ्टची?'" त्याचा आवाज अजून सहज होता, पानाच्या मागे मागे चाललेला. "'किती धागे उसवलेत तारेचे? बरं. मग आभाळ कोसळलं का? अरे, स्लॅब होऊ दे आधी...'"

तो थांबला. अडखळला नाही, नुसता थांबला.

पुढची ओळ ताईची होती. तिला ती आता वाचावीशी वाटेना, पण टेबलाची सवय इतक्या वर्षांची, की तोंड आपोआप चाललं. "'ठेव रे तो फोन. जेवण गार होतंय.'"

ताईनं गठ्ठा पालथा घातला. त्या दिवशी पारितोषिक तिला मिळालं होतं. जेवण तिच्यासाठी होतं. फोन ठेवायची घाई तिला झाली होती.

"हे होणार नाही, बाबा," ती म्हणाली. मघाची खुशी कुठल्या कुठे गेली होती. "मी हे कापणार नाही, आणि दुसऱ्या कुणाला कापूही देणार नाही. दिग्दर्शकांना मी फोन करून सांगते, बाबांची तब्येत बरी नाही."

"बरोबर बोलतेय ती," आई म्हणाली. "अहो, पोटचा मुलगा आहे तो. लोकांच्या मुलांसाठी जन्मभर लिहिलंत, मी एका शब्दानं अडवलं नाही. याला तरी सोडा."



"कुणी सांगितलं तुम्हाला?" बाळनं विचारलं. विचारलं बाबांना, पण बघत होता बायकोकडे. "ही बोलली?"

सून एका शाळेत गणित शिकवायची. घरात कमी बोलायची, आणि ताई तिला थट्टेनं 'उत्तरसूची' म्हणायची, कारण बोलली की नेमकं बोलायची. गेले दहा-बारा दिवस ती रोज सकाळी न्हाणीघराच्या बंद दारामागून नवऱ्याचा आवाज ऐकत होती. मला कुणी काही कळवलं नव्हतं. नळ सोडून, नळ बंद करून, दाढी करता करता. मला कुणी काही कळवलं नव्हतं. वर्गात नक्कल करून उत्तर लिहिलेला मुलगा फळ्यापाशी आला की असंच करतो. उत्तर घोकतो, कारण तिथवर जायची वाट त्याला माहीत नसते. तिला नवऱ्याची कीव यायची आणि त्याच्या शेजारी झोपायला भीती वाटायची, दोन्ही एकाच वेळी.

"मी कशाला बोलायला हवं?" ती म्हणाली. "आपण सगळे इथेच बसलो होतो की."

ते खरं होतं, आणि इतके दिवस या घरातल्या प्रत्येकानं ते दुसऱ्यापासून लपवलं होतं.

"मला काही ऐकू आलं नाही," आई म्हणाली.

"आई, तुम्ही मला खुणेनं सांगितलंत, रेडिओ बारीक कर, त्याचा फोन चाललाय."

"वहिनी, तू कुणाच्या बाजूनं आहेस?" ताईनं विचारलं.

"मला दोन मुलं आहेत, ताई. तो आत गेला तर काय होईल ते मला तुमच्याहून जास्त माहीत आहे." तिनं पान सरळ केलं. "पण मुकादमाच्या बायकोचंही आत्ताच आईंनी वाचलं ना. छान वाचलं. वाचू या पुढे."

बाळ उभा राहिला. बाबांवर तो आयुष्यात कधी ओरडला नव्हता, आणि आताही ओरडला नाही. त्याचा आवाज उलट खाली गेला.

"जन्मभर दुसऱ्यांच्या घरात जाऊन बसलात, बाबा. त्यांची मढी, त्यांची बाळंतपणं, सगळं कागदावर आणलंत. काडेपेटीचा कारखाना तुमच्या सिनेमानं बंद पडला, केवढा सत्कार झाला तुमचा. त्या बायका कुठे गेल्या, ठाऊक आहे? विटा वाहायला. त्यातल्या दोघी माझ्याकडे आहेत, या कधीतरी पाटी घेऊन. आम्ही भाड्याच्या खोल्या बदलत वाढलो. शाळेची नावं बदलत वाढलो. ही भिंत मी बांधली, ही फरशी मी घातली. ज्या खोलीत बसून तुम्ही मला फासावर चढवलंत, ती खोलीसुद्धा माझीच आहे."

लेखकांनी पाटी ओढली. एवढं सगळं ऐकून त्यांनी दोनच शब्द लिहिले, 'खरं आहे', आणि पाटी बाळकडे फिरवून धरली.

याच्यापुढे भांडायचं कसं, ते बाळला कळेना. तो खाली बसला.

"ठीक आहे," तो म्हणाला. "वाचतो. बघू या तुमचं वाक्य किती खरं आहे ते."

त्यानं गठ्ठा उचलला. त्याला अडखळायचं होतं. जीभ अडखळली तर पेन्सिल उतरेल, वाक्य जाईल, आणि हे जे लिहिलंय ते खोटं ठरेल, टेबलाच्या नियमानंच ठरेल. शब्द जरा मागेपुढे करून वाचावे, श्वास भलत्या ठिकाणी घ्यावा, असं त्यानं ठरवलं. पण डोळे ओळीवर पडले आणि तोंड सुटलं.

"'स्लॅब होऊ दे आधी. इतके दिवस चालली तशी अजून आठवडाभर चालव. नवीन तार येतेय. हो, मी सांगतो म्हणून चालव. माझ्यावर सोड. आणि दर थोड्या वेळानं फोन करू नकोस रे, जेवतोय मी.'"

एका दमात आलं. एक काना इकडेतिकडे नाही. बाळला वाटलं, आपण वाचत नाही, आपल्याला कुणीतरी बोलतं करतंय. 'माझ्यावर सोड' म्हणताना आपण हातानं घास कालवत होतो, हेही त्याला आठवलं. मुकादम पहिल्या इमारतीपासून त्याच्याबरोबर होता. माझ्यावर सोड म्हटलं की तो सोडायचा. बहात्तर प्रश्न विचारायचा, पण एकदा हे ऐकलं की गप्प व्हायचा.

"म्हातारा पाटीवर काहीतरी लिहितो," सुनेनं कंसातलं वाचलं. "टेबलावर कुणी बघत नाही. तो पाटी पुसतो. जेवण चालू राहतं."

आईचा हात टेबलाच्या कडेवर होता, तो तिथेच राहिला. कुणी बघत नाही, हे खरं नव्हतं. तिनं बघितलं होतं. पाटीवर लिहिलं होतं, 'कसली तार?' आणि तिनं डोळ्यांनीच त्यांना सांगितलं होतं, नंतर. लेक खुशीत आहे, चार घास सुखानं जाऊ देत, नंतर विचारा. लेखकांनी मान डोलावून पाटी पुसली होती. मग नंतर कुणीच विचारलं नाही. आणि आता लिहिताना त्यांनी तिला त्यातून वगळलं होतं. सगळ्यांची वाक्यं जशीच्या तशी लिहिली, स्वतःची पुसलेली पाटीसुद्धा लिहिली, फक्त तिची ती नजर लिहिली नाही. लग्नाला इतकी वर्षं झाली होती, पण लेखकांनी तिच्यासाठी काही खोटं लिहिलेलं ती पहिल्यांदा बघत होती. तिला त्यांच्याबद्दल प्रेमही वाटलं आणि त्यांचा रागही आला.

तिसरा प्रवेश समितीच्या खोलीतला. टेबल, पाण्याचा तांब्या, तीन खुर्च्या. सुनेनं सूचना वाचली. "अध्यक्ष विचारतात, तारेबद्दल तुम्हाला कधी समजलं? ठेकेदार उत्तर देतो."

बाळनं ओळ बघितली आणि त्याला जरा हायसं वाटलं. ही त्याची स्वतःची होती, वकिलानं बसवून दिलेली, शेकडो वेळा म्हटलेली. बाबांनी ती कुठून मिळवली कोण जाणे. न्हाणीघराचं दार काही फार जाड नव्हतं.

"'मला कुणी काही क...'" तो थांबला. खाकरला. "'मला कुणी काही कळ... कळवलं नव्हतं.'"

सगळ्यांच्या नजरा पेन्सिलीकडे गेल्या. इतक्या वर्षांची सवय होती.

पेन्सिल हलली नाही.

लेखकांनी ती घट्ट धरली होती, टोक कागदाच्या वर होतं, आणि ते खाली येत नव्हतं. त्यांनी मान खाली घातली. मग डाव्या हातानं त्यांनी पान उलटलं. पुढे चला. ताईनं श्वास सोडला. बाबांनी वाक्य राहू दिलं होतं. काडेपेटीवाल्याला, गटारवाल्याला, कुणालाही न दिलेली सूट त्यांनी मुलाला दिली होती. आता संहिता दिग्दर्शकाकडे गेली तरी त्यातल्या ठेकेदाराला काही माहीत नसेल. उद्या समितीतही नसेल. सगळं निभावून जाईल, मुकादम सोडून.

"पुन्हा," आई म्हणाली.

तो शब्द या टेबलावर कितीतरी वर्षांत कुणी उच्चारला नव्हता.

"आई," ताई म्हणाली, "बाबांनी पान उलटलंय."

"त्यांनी उलटलं असेल. मी ऐकलं. अडखळला तो." तिनं बाळकडे बघितलं नाही, पानाकडेच बघत राहिली. "पुन्हा."

लेखकांनी तिच्या मनगटावर हात ठेवला. तिनं तो अलगद बाजूला केला.

"'मला कुणी काही,'" बाळ म्हणाला, आणि त्याच्यापुढे त्याला जाता येईना. "'मला...' आई, तू मला तुरुंगात पाठवतेयस. कळतंय का तुला?"

"मी कुठेही पाठवत नाही कुणाला. मी वाचन करतेय."

"तूसुद्धा होतीस की तिथे."

"होते. बाबांना विचारू दिलं नाही, ते मीच. त्यांनी लिहायचं टाळलं, ते मी त्यांना लिहायला लावेन." तिचा आवाज तसाच होता, विधवा वाचताना असायचा तसा, मुळीच न चढवलेला. "तुझं आधी होऊ दे. पुन्हा."

सुनेनं आपल्या खुर्चीवरून हात पुढे करून बाळच्या गुडघ्यावर ठेवला आणि तिथेच राहू दिला. मग बाळनं जे विचारलं, ते लहानपणी टेबलाखालून बाहेर येऊन, पहिल्यांदा एक वाक्य वाट्याला आल्यावर विचारायचा तसंच विचारलं.

"मग कसं म्हणू?"

उत्तर सगळ्यांना पाठ होतं, पण ते द्यायचा मान ज्यांचा, त्यांना बोलता येत नव्हतं. लेखकांनी खडू शोधला नाही. त्यांनी पेन्सिल टेबलावर ठेवली आणि ती सरकवत सरकवत मुलापर्यंत नेली. बाळनं पेन्सिल घेतली, ओळीवर काट मारली, आणि वर काही न लिहिता, पानाकडे न बघता बोलला.

"मुकादमानं कळवलं होतं. आठवडाभर चालव, असं मीच सांगितलं. जेवताना फोन आला होता. घरात सगळे होते."

जीभ कुठेच लागली नाही. त्यानं वकिलाची फाइल हातानं लांब सारली.

"उद्या तिथेही असंच म्हणावं लागेल," तो म्हणाला.

ताई रडत होती. लेखकांचे ओठ हलत होते, पण आवाज नव्हता, आणि ते काय म्हणत होते ते कुणी विचारलं नाही.

"पुढे," सून हळूच म्हणाली.

पुढचं वाक्य आईचं होतं. मुकादमाची बायको समितीच्या दारात उभी राहून विचारते, 'आता त्यांना घरी नेऊ का?' एवढंच होतं. आईनं चष्मा काढला, पदरानं पुसला, पुन्हा लावला. ओळ समोर होती, आणि तिला ती वाचता येईना.